अण्णा साळुंके: तारामती, सीता, राम आणि मग कॅमेऱ्यामागे

'भारतीय चित्रपटातली पहिली नायिका कोण?' हा प्रश्न क्विझमध्ये येतो आणि उत्तर ऐकून लोक हसतात, कारण उत्तर आहे अण्णा साळुंके. ग्रँट रोडच्या एका हॉटेलात काम करणारा तरुण, ज्याला दादासाहेब फाळक्यांनी हेरलं आणि 'राजा हरिश्चंद्र'मध्ये राणी तारामती केलं. महिन्याचे दहा रुपये मिळत होते, फाळक्यांनी पंधरा देऊ केले. किस्सा इथे संपतो. जवळपास प्रत्येक पुस्तकात तो एवढ्यावरच संपतो.

संशोधनाच्या दृष्टीने मला हा किस्सा फार उपयोगी वाटतो, कारण यात एका माणसाचं अठरा वर्षांचं काम एका वाक्यात गडप झालेलं आहे. १९१३ ते १९३१ या काळात साळुंके चित्रपटांत काम करत होते. 'हॉटेलातला आचारी राणी झाला' हे वाक्य त्यातल्या पहिल्या सहा-सात महिन्यांबद्दल आहे. उरलेल्या वर्षांचं काय? तुमच्यापैकी जे कुणी पेटची तयारी करताय, किंवा सिनॉप्सिससाठी 'अमुक कलावंताचं जीवन व कार्य' असा विषय डोक्यात घेऊन बसलाय, त्यांच्यासाठी हे उदाहरण घेते आहे. आत्मचरित्र नाही, मुलाखती नाहीत, चित्रपटांचे तुकडेच उरलेत, अशा माणसाची कारकीर्द लिहायची म्हणजे नक्की कुठे बघायचं?

आधी त्या किस्स्याकडेच नीट बघू. काही ठिकाणी साळुंके 'आचारी' आहेत, काही ठिकाणी 'वाढपी'. दहा आणि पंधरा हे आकडे मात्र सगळीकडे तेच. असं दिसलं की समजायचं, सगळे एकाच ठिकाणाहून उचलतायत. आणि लोक हसतात ते 'आचारी' या शब्दावर. पण आकडा जास्त बोलका आहे. पंधरा रुपये हा पगार आहे, मानधन नाही. महिन्याच्या महिन्याला मिळणारा. आज वर्सोव्याच्या आरामनगरात ऑडिशनच्या रांगेत उभा असलेला मुलगा दिवसावर किंवा भूमिकेवर पैसे ठरवतो. साळुंक्यांना भूमिका मिळाली नव्हती, नोकरी मिळाली होती. हा फरक मनात ठेवा, पुढे सगळं यावरच उभं राहणार आहे.

तो पगार किती होता याचा अंदाज बांधायला एक मजेशीर साधन आहे. सुरतेत 'राजा हरिश्चंद्र' लागला तेव्हा फाळक्यांनी केलेली जाहिरात प्रसिद्ध आहे: सत्तावन्न हजार फोटो, दोन मैल लांबीचं चित्र, आणि हे सगळं फक्त तीन आण्यांत. रुपयाचे सोळा आणे धरले तर साळुंक्यांचा पगार २४० आणे, म्हणजे या चित्रपटाची ऐंशी तिकिटं. आता त्याच जाहिरातीतल्या बाकीच्या दोन आकड्यांवरही हिशेब करून बघा. चित्रपटाची लांबी ३,७०० फूट होती. एका फुटात सोळा चौकटी बसतात, म्हणजे ५९,००० च्या आसपास फोटो. सत्तावन्न हजार हा आकडा प्रामाणिक निघतो! पण दोन मैल म्हणजे दहा हजार पाचशे साठ फूट. चित्रपट एक मैलसुद्धा भरत नाही. एकाच जाहिरातीत, एकाच वाक्यात, एक दावा खरा आणि एक थाप. 'हे साधन विश्वासार्ह आहे का?' असा प्रश्न अख्ख्या कागदाला विचारून भागत नाही, तो कागदावरच्या एकेका विधानाला विचारावा लागतो.

बरं, आता नोकरी. ती कसली होती?

फाळके १९१२ च्या सुरुवातीला लंडनला जाऊन तंत्र शिकून, कॅमेरा घेऊन परतले. दादरच्या मुख्य रस्त्यावरच्या मथुरा भवन या बंगल्यात त्यांचं बिऱ्हाड आणि तिथेच चित्रपटाचं काम. त्या रस्त्याला आज फाळक्यांचंच नाव आहे, दादर पूर्वेला उतरणाऱ्यांनी ते पाहिलं असेल. घरात दिवसा चित्रीकरण आणि रात्री धुलाई-छपाई. सरस्वतीबाई फाळके फिल्मच्या कडांना भोकं पाडत, रसायनं कालवत, उन्हात पांढरी चादर धरून नटांच्या तोंडावर उजेड पाडत आणि या सगळ्यावर साठ-सत्तर माणसांचा स्वयंपाक करत. फाळक्यांनी आपल्या लोकांना सांगून ठेवलं होतं की कुणी विचारलं तर 'हरिश्चंद्राच्या फॅक्टरीत कामाला आहे' असं सांगा, कारण नाटकवाल्यालाही घर भाड्याने मिळायची मारामार, मग सिनेमावाल्याचं काय! परेश मोकाशींचा 'हरिश्चंद्राची फॅक्टरी' हा २००९ चा चित्रपट पाहिलेल्यांना हे नवीन नाही. पण 'फॅक्टरी' हा शब्द निव्वळ विनोद नाही असं मला वाटतं. पगारी माणसं, एकत्र जेवण, जे पडेल ते काम. हे त्या जागेचं बरंच अचूक वर्णन आहे.

या फॅक्टरीत बायका यायला तयार नव्हत्या. फाळक्यांनी जाहिराती दिल्या, वेश्यावस्तीतही विचारून पाहिलं, तिथूनही नकार आला. मग पुरुषांनीच स्त्री-भूमिका करायच्या ठरल्या, तर मिशा काढायला कुणी तयार होईना, कारण मिशी काढायची ती वडील गेल्यावर. शेवटी साळुंके तयार झाले. दत्तात्रय दामोदर दाबके हरिश्चंद्र, साळुंके तारामती, फाळक्यांचा मुलगा भालचंद्र रोहिदास, गजानन वासुदेव साने विश्वामित्र. कॅमेऱ्यावर फाळक्यांचे मित्र त्र्यंबक तेलंग, त्यांना फाळक्यांनीच शिकवलं होतं.

बाह्यचित्रण वांगणीजवळ झालं. मध्य रेल्वेवरच्या मंडळींना सांगायला नको, बदलापूर सोडलं की पुढचं स्टेशन. फाळक्यांनी मंडळींना पुढे पाठवलं, आणि तलवारी-भाले घेतलेली ही टोळी बघून गावकऱ्यांना वाटलं दरोडेखोर आले. पोलीस आले, सगळ्यांना धरलं. फाळके मागून येऊन समजावून सांगेपर्यंत राजा, राणी, ऋषी सगळे अटकेत. सिनेमात काम करणं म्हणजे काय, हे सांगूनही कुणाला कळत नव्हतं, असा तो काळ.

चित्रपट २१ एप्रिल १९१३ ला ऑलिम्पिया थिएटरात निमंत्रितांना दाखवला गेला आणि ३ मे १९१३ ला गिरगावच्या कॉरोनेशनमध्ये लोकांसाठी लागला. जाहिरातीचा भर होता तो भारतात तयार झालेली फिल्म यावर. नटांची नावं हे विकायचं सामान नव्हतंच. अमेरिकेत १९१० मध्ये फ्लॉरेन्स लॉरेन्सचं नाव जाहिरातीत आलं आणि तिथून नट-नटी विकायला सुरुवात झाली असं मानतात. आपल्याकडे १९१३ मध्ये विकायला होती ती स्वदेशी फिल्म आणि हरिश्चंद्राची गोष्ट. त्यामुळे साळुंक्यांना वर्तमानपत्राच्या जाहिरातीत शोधत बसलात तर हाताला फारसं काही लागणार नाही. ते महत्त्वाचे नव्हते असं यावरून ठरत नाही. जाहिरात त्या कामासाठी छापलीच जात नव्हती.

आता मुख्य मुद्दा. 'बायका मिळत नव्हत्या म्हणून साळुंके' हे स्पष्टीकरण सगळे देतात आणि १९१३ च्या एप्रिलपुरतं ते ठीकच आहे. पण पुढे काय झालं बघा. फाळके नाशिकला गेले आणि लगेच पुढचा चित्रपट काढला, 'मोहिनी भस्मासुर'. त्यात दुर्गाबाई कामत पार्वती झाल्या आणि त्यांची मुलगी कमलाबाई, त्या वेळी तेरा-चौदा वर्षांची, मोहिनी. (याच कमलाबाई गोखले, चंद्रकांत गोखल्यांच्या आई आणि विक्रम गोखल्यांच्या आजी.) म्हणजे पहिल्या चित्रपटापाठोपाठ पडद्यावर बाई आली. क्विझवाल्यांच्या दृष्टीने प्रश्न सुटला: पहिली नायिका साळुंके, पहिली स्त्री कलाकार दुर्गाबाई, पहिली बालनायिका कमलाबाई. पुढचा प्रश्न?

पुढचा प्रश्न असा की १९१७ मध्ये, 'लंकादहन' काढताना, फाळक्यांनी सीता म्हणून पुन्हा साळुंक्यांनाच का उभं केलं? आणि नुसती सीता नाही, रामही तेच! एकाच चित्रपटात राम आणि सीता दोन्ही साळुंके, हनुमान गणपत शिंदे. बायका मिळत नव्हत्या हे उत्तर इथे निम्मंच पुरतं. सीतेला बाई मिळाली नसेल एक वेळ, पण रामाला पुरुष मिळाला नाही असं तर नव्हतं ना?

इथे दोन-तीन गोष्टी शेजारी मांडून बघा. १९१३ मध्ये रोहिदास कोण? फाळक्यांचा मुलगा. १९१८ च्या 'श्रीकृष्णजन्म'मध्ये आणि १९१९ च्या 'कालियामर्दन'मध्ये कृष्ण कोण? फाळक्यांची मुलगी मंदाकिनी. म्हणजे १९१७ ते १९१९ या काळात याच फाळक्यांकडे सीता पुरुष करतोय आणि कृष्ण मुलगी करतेय. ही निवड लिंगावरून होत नव्हती. घरात आणि पगारपत्रकावर कोण आहे, आणि त्यातल्या कुणाचा चेहरा कॅमेऱ्यापुढे चालतो हे आधीच माहीत आहे, यावरून ती होत होती. दुर्गाबाई आणि कमलाबाई नाटक कंपनीच्या, चित्रपट झाल्यावर त्या पुन्हा रंगभूमीकडे गेल्या. साळुंके होते ते फॅक्टरीचेच. उन्हात किती वेळ उभं राहायचं, चेहरा कुठे वळवायचा, फाळक्यांचा हात वर गेला की काय करायचं, हे त्यांना चार वर्षं माहीत होतं. राम-सीता दोन्ही एकाला देण्यामागेही मला हेच दिसतं. शिवाय 'लंकादहन'ची गोष्ट विरहाची आहे, राम एका किनाऱ्यावर आणि सीता दुसऱ्या. दोघं समोरासमोर यायचे प्रसंग कमी. हा माझा तर्क आहे, आणि प्रबंधात तो तर्क म्हणूनच लिहायचा असतो.

रंगभूमीशी तुलना केली की चित्र अजून स्पष्ट होतं. १९१३ मध्येच गंधर्व नाटक मंडळी स्थापन झाली. बालगंधर्वांची स्त्री-भूमिका आणि साळुंक्यांची स्त्री-भूमिका, दोन्हींना आपण एकच शब्द वापरतो, म्हणून दोन्ही एकच प्रकार आहेत असं वाटतं. तसं नाही. गंधर्वांच्या भामिनीला गाणं लागतं, वर्षानुवर्षांची तालीम लागते, आणि प्रेक्षक गंधर्वांना बघायला येतो. मूकपटातल्या तारामतीला आवाजच नाही. चेहरा, हात, पदर सावरायची ढब एवढ्यावर भागतं. म्हणून तर हॉटेलातल्या माणसाला राणी करता आलं! संगीत नाटकात हे कुणाच्या स्वप्नातही आलं नसतं. आणि याचीच दुसरी बाजू अशी की गंधर्वांचं नाव झालं, तसं साळुंक्यांचं झालं नाही. 'लंकादहन'ला गिरगावात गर्दी लोटली, राम पडद्यावर आला की लोक पायातल्या वहाणा काढत, असं सांगतात. मद्रासकडे तिकिटांची नाणी पोत्यात भरून बैलगाडीने न्यावी लागली अशीही कथा आहे. पण त्या वहाणा रामासाठी निघत होत्या, नटासाठी नाही.

सुदैवाने आपल्याला साळुंके थोडे पाहता येतात. 'राजा हरिश्चंद्र'चा पहिला आणि शेवटचा भाग पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयात जतन केलेला आहे, तो ऑनलाइनही मिळतो. सुरुवातीला राजा रोहिदासाला धनुर्विद्या शिकवतोय आणि तारामती बाजूला उभी राहून बघतेय. पुढे हौदात जलक्रीडा करणाऱ्या सख्या आहेत, सगळे पुरुष, ओल्या साड्यांमध्ये, आणि राजा तिथे राणीला बोलवायला येतो. पण थांबा. काही अभ्यासकांच्या मते हा तुकडा १९१३ चा नाहीच, फाळक्यांनी १९१७ मध्ये तोच चित्रपट पुन्हा केला त्याचा आहे. हे मान्य केलं तर आपण बघतो ती तारामती नवशिक्या आचाऱ्याची नाही. चार वर्षं कॅमेऱ्यापुढे वावरलेल्या, त्याच वर्षी सीता केलेल्या माणसाची आहे. त्या तुकड्यावरून 'भारतातला पहिलावहिला सिनेअभिनय असा होता' असं विधान करायला निघाला असाल तर आधी तारखेचा प्रश्न सोडवा. आणि हो, १९१७ मध्येच कलकत्त्याच्या मादन कंपनीनेही हरिश्चंद्रावर चित्रपट काढला होता. सूची वाचताना वर्ष आणि नाव जुळलं म्हणून खूण करू नका, कंपनीचा रकाना बघा.

'लंकादहन'चाही काही मिनिटांचा तुकडा उरलाय, अशोकवनातली सीता. मी तो बऱ्याच वेळा पाहिलाय. सीतेचे दंड चांगले भरदार आहेत, हे बघणाऱ्याच्या लगेच लक्षात येतं, आणि वर्गात दाखवला की मुलं तिथेच हसतात. हसू ओसरल्यावर एक गोष्ट दिसते: भोवतीचे लोक हातवारे करत असताना साळुंके फारसे हलत नाहीत. मान खाली, हात जवळ. याला चांगला अभिनय म्हणायचं की नाही ते तुम्ही ठरवा. माझ्या मते हे काम येत असलेल्या माणसाचं शरीर आहे.

आणि मग येतो तो भाग, ज्याच्याबद्दल कुणी बोलत नाही. १९१८ मध्ये मुंबईच्या भांडवलदारांच्या भागीदारीत नाशिकला हिंदुस्तान सिनेमा फिल्म्स कंपनी उभी राहिली. फाळक्यांचं भागीदारांशी पटेना, ते रागावून काशीला गेले, नाटक लिहिलं आणि १९२२ मध्ये परत आले. चरित्रं या वेळी फाळक्यांच्या मागे काशीला जातात. कॅमेरा मात्र नाशिकलाच होता आणि कंपनीत चित्रपट निघतच होते. १९२२ चा 'सत्यनारायण' आणि १९२३ चा 'बुद्धदेव' यांच्या नोंदींत साळुंक्यांचं नाव छायाचित्रणासाठी येतं. कंपनीतले एक दिग्दर्शक कोण? गजानन साने. १९१३ चे विश्वामित्र दिग्दर्शक झाले होते आणि तारामती कॅमेऱ्यामागे गेली होती! चित्रपटसूचींत साळुंके नट म्हणून जेमतेम पाच चित्रपटांत आहेत, आणि छायाचित्रकार म्हणून तीसहून अधिक.

हा हिशेब पाहिल्यावर लेखाचं शीर्षकच बदलावं लागतं. साळुंके हे मुख्यतः छायाचित्रकार होते, ज्यांनी सुरुवातीच्या काळात काही भूमिकाही केल्या. आपण त्यांना 'पहिली नायिका' म्हणून लक्षात ठेवलं, कारण 'पहिला' कोण हे शोधण्याचा आपल्याला नाद आहे, आणि तिसावा चित्रपट कुणाच्या लक्षात राहत नाही. हे एकट्या नाशिकचंही नाही. बार्सिलोनात १८९७ मध्ये फ्रुक्तुओस जेलाबेर्त यांनी कॅफेतल्या भांडणाचा छोटा कथापट केला, त्यात स्वतःच काम केलं आणि कॅमेराही स्वतःचाच. त्या काळात नट आणि तंत्रज्ञ ही दोन वेगळी खाती नव्हती. आपण आजचे रकाने घेऊन जातो आणि माणसं त्यांत बसत नाहीत म्हणून किस्से सांगतो.

तर, साधनं. फाळक्यांनी 'नवयुग' मासिकात १९१७-१८ मध्ये भारतीय चित्रपटावर लिहिलेले चार लेख आधी वाचा. नट मिळवताना झालेल्या अडचणी तिथे मालकाच्या तोंडून येतात, मालकाच्या, हे विसरू नका. १९२७-२८ च्या चित्रपट चौकशी समितीपुढची फाळक्यांची साक्ष छापील आहे. दादरच्या मुंबई मराठी ग्रंथसंग्रहालयात जुनी मासिकं चाळायला वेळ काढा. बोरिवली-मुलुंडहून येणाऱ्यांनी दुपारची गाडी धरावी, बसायला मिळतं. आणि चित्रपटसूची वाचताना नटांचा रकाना हाताने झाकून नुसता छायाचित्रणाचा रकाना वरून खाली वाचत जा. साळुंके तिथे भेटतात, चित्रपटामागून चित्रपट, १९३१ पर्यंत. त्याच वर्षी १४ मार्चला मुंबईत मॅजेस्टिकमध्ये 'आलम आरा' लागला आणि पडदा बोलायला लागला.